उरले ते शेपूट : ‘स्टिरॉइड’ या शब्दाविषयी

‘स्टिरॉइड’ हा शब्द मराठीत आला, रुळला आणि आता तो कोणाला परका वाटत नाही. मेहकर तालुक्यातल्या आमच्या डोणगावासारख्या गावातही तो सर्रास ऐकू येतो. दम्याच्या मुलाला डॉक्टरांनी तोंडाने ओढायचा पंप लिहून दिला की शेजारीपाजारी विचारतात, ‘‘त्यात स्टिरॉइड तर नाही ना?’’ गचकरणावर आणलेल्या ट्यूबने दोन दिवसांत खाज थांबली की कोणी जाणकार सांगतो, ‘‘त्यात स्टिरॉइड असणार.’’ व्यायामशाळेत जाणाऱ्या पोराचे दंड फुगलेले दिसले की संशय पुन्हा स्टिरॉइडवरच. आणि २०२१ च्या उन्हाळ्यात, कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत, स्टिरॉइडने रुग्ण वाचतात अशा अर्थाचे आणि स्टिरॉइडमुळे काळी बुरशी पसरली अशा अर्थाचे मथळे वाचकांनी एकाच वेळी वाचले.

या चारही ठिकाणी शब्द एकच आहे. वस्तू मात्र एक नाही, आणि जिथे ती एक आहे तिथे मात्रा व प्रसंग एक नाहीत. या शब्दाच्या वापराचे थोडे परीक्षण करावे, असे आम्हांला बरेच दिवस वाटत होते. उपचारांचा सल्ला देण्याचा अधिकार आमचा नाही, तो डॉक्टरांचा. पण शब्द हा शिक्षकाच्या अखत्यारीतला विषय आहे. विशेषतः जो शब्द विद्यार्थी वर्गाबाहेरून शिकून येतो तो.

आमचा आक्षेप शब्द परभाषेतला आहे यावर नाही. ऑक्सिजन, व्हिटॅमिन, इन्सुलिन हे शब्दही बाहेरूनच आले आणि त्यांनी कोणाचे काही बिघडवले नाही. आक्षेप असा, की डॉक्टरी परिभाषेतला मूळ शब्द बराच लांब आहे, ‘ग्लुकोकॉर्टिकोस्टिरॉइड’, आणि आपण त्याचे फक्त शेपूट उचलले. या आगगाडीचे पहिले दोन डबे मराठीत पोहोचलेच नाहीत. गार्डाचा डबा तेवढा आला. दुर्दैव असे की सामान्य माणसाच्या उपयोगाचा माल नेमका पहिल्या दोन डब्यांत होता.

शेवटच्या डब्यापासूनच सुरुवात करू. ग्रीक भाषेत ‘स्टेरेऑस’ म्हणजे घट्ट, घन आणि ‘कोले’ म्हणजे पित्त. पित्ताशयातल्या खड्यांमधून मिळणाऱ्या पांढऱ्या घन पदार्थाला शेव्हरल या फ्रेंच रसायनज्ञाने एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी या दोन शब्दांवरून नाव दिले. तेच पुढे कोलेस्टेरॉल झाले. त्याच्याशी रचनेने मिळतीजुळती संयुगे सापडत गेली, तेव्हा त्या सर्वांना मिळून एक नाव असावे म्हणून कॅलो आणि यंग या ब्रिटिश शास्त्रज्ञांनी १९३६ मध्ये ‘स्टिरॉइड’ हा शब्द सुचवला. त्यातल्या ‘-ऑइड’चा अर्थ ‘-सारखे’. म्हणजे स्टिरॉइड म्हणजे स्टेरॉलसारखे, एवढेच. पदार्थ काय करतो हे हा शब्द सांगत नाही. तो कसा दिसतो हे सांगतो.

हे दिसणे फळ्यावर काढून दाखवता येते. तीन षटकोन आणि एक पंचकोन एकमेकांना कडेने चिकटवून काढा. त्यांच्या कोपऱ्यांवर १७ कार्बन अणू येतात. हा झाला सांगाडा. त्याला बाजूने आणखी काही कार्बन आणि ऑक्सिजन लागले की निरनिराळी संयुगे होतात. एकूण २७ कार्बनचे कोलेस्टेरॉल, २१ कार्बनचे कॉर्टिसॉल, १९ कार्बनचे टेस्टोस्टेरॉन, १८ कार्बनचे इस्ट्रॅडिऑल. पित्तातली आम्ले याच घराण्यातली. ‘ड’ जीवनसत्त्व याच सांगाड्याचे एक कडे तुटून तयार होते. प्राण्यांच्या प्रत्येक पेशीच्या आवरणात कोलेस्टेरॉल असते. तेव्हा ‘स्टिरॉइड शरीराला वाईट’ या वाक्याला रसायनशास्त्रात काही अर्थ उरत नाही. शरीरच स्टिरॉइडे बनवत असते, आणि ती बनवणे थांबले तर माणूस जगत नाही.

वनस्पतीही स्वस्थ बसलेल्या नाहीत. आमच्या भागात खरिपात दूरवर सोयाबीन दिसते. त्या सोयाबीनच्या तेलात स्टिग्मास्टेरॉल नावाचे एक स्टेरॉल असते. अमेरिकेतील कृष्णवर्णीय रसायनज्ञ पर्सी ज्युलियन यांनी १९४० च्या सुमारास ते वेगळे काढून त्यापासून प्रोजेस्टेरॉन हे स्त्री-संप्रेरक मोठ्या प्रमाणावर बनवण्याची वाट घालून दिली. पुढे याच कच्च्या मालापासून कॉर्टिसोनसारखी औषधेही निघाली. सोयाबीन खाऊन कोणाच्या अंगात कॉर्टिसोन तयार होत नाही, हे विद्यार्थ्यांना आवर्जून सांगावे. मधे कारखान्यातल्या बऱ्याच पायऱ्या आहेत. पण ज्या शब्दाला आपण शहरी औषधाच्या दुकानातला समजतो, त्याचा एक धागा मेहकर तालुक्यातल्या शेतात उगवणाऱ्या पिकाला जोडलेला आहे, हे सांगितल्यावर वर्ग जागा होतो असा अनुभव आहे.

एवढ्या मोठ्या घराण्याच्या आडनावाने एखाद्या औषधाला हाक मारली की काय होते, याचे सर्वांत वाईट उदाहरण व्यायामशाळेतले आहे. १९८८ च्या सोल ऑलिंपिकमध्ये बेन जॉन्सन १०० मीटर ९.७९ सेकंदांत धावला आणि स्टॅनोझोलॉल सापडल्याने त्याचे पदक गेले. तेव्हापासून ‘स्टिरॉइड’ म्हणजे ताकद, स्नायू आणि फसवणूक असा अर्थ आपल्या वर्तमानपत्रांत रूढ झाला. ती होती ॲनाबॉलिक स्टिरॉइडे, म्हणजे टेस्टोस्टेरॉनच्या जातीची. आता प्रत्येक शिक्षकाला ठाऊक असलेला ‘चयापचय’ हा शब्द घ्या. त्यात चय म्हणजे बांधणी आणि अपचय म्हणजे मोडणी. ॲनाबॉलिक म्हणजे चय करणारे. ही द्रव्ये स्नायूंतील प्रथिनांची बांधणी वाढवतात. डॉक्टर दम्यावर, संधिवातावर, ॲलर्जीवर जी स्टिरॉइडे देतात ती दुसऱ्या शाखेची. ती स्नायूंच्या बाबतीत अगदी उलट, अपचय करणारी. बरेच दिवस मोठ्या मात्रेत घेतली तर हातापायांचे स्नायू बारीक होतात, हाडे ठिसूळ होतात, चरबी चेहऱ्यावर, मानेमागे आणि पोटावर साठते.

म्हणजे एकाच शब्दाने आपण बांधणाऱ्यालाही हाक मारतो आणि मोडणाऱ्यालाही. अंगावर मांस चढावे म्हणून डेक्सामेथासोन किंवा बीटामेथासोनच्या गोळ्या घेणारी माणसे आपल्या देशात आहेत. गाल भरलेले दिसतात, भूक वाढते, वजनाचा काटा सरकतो, आणि ‘गोळी लागू पडली’ असे घरचे म्हणतात. वाढलेले असते ते पाणी आणि चरबी. स्नायू कमीच होत असतात. इथे शब्दाच्या गोंधळानेच सारे घडते असा आमचा दावा नाही. स्वस्तात मिळणारी गोळी आणि लवकर दिसणारा परिणाम यांचा वाटा मोठा आहे. परंतु ‘स्टिरॉइडने अंग भरते’ ही समजूत पसरायला शब्दाने रस्ता मोकळा करून दिला, एवढे म्हणायला हरकत नाही.

आता मधला डबा, ‘कॉर्टिको’. लॅटिन ‘कॉर्टेक्स’ म्हणजे झाडाची साल. मूत्रपिंडांच्या डोक्यावर टोपीसारख्या बसलेल्या दोन लहान ग्रंथी आहेत. आपली शालेय पुस्तके त्यांना अधिवृक्क ग्रंथी म्हणतात. वृक्क म्हणजे मूत्रपिंड, अधि म्हणजे वर. ‘ॲड्रेनल’ या शब्दाचीही फोड जवळजवळ तशीच होते. ग्रंथीच्या बाहेरच्या थराला परिभाषेत बाह्यक म्हणतात, आतल्या भागाला मध्यक. साल आणि गाभा म्हटले तरी चालेल, मूळ लॅटिनला ते अधिक जवळचे आहे. कॉर्टिकोस्टिरॉइड म्हणजे या सालीत तयार होणारी स्टिरॉइडे.

परिभाषेच्या बाबतीत आमचे थोडे कडू-गोड मत आहे. ‘संप्रेरक’ हा शब्द उत्तम जमला आहे. स्टार्लिंगने १९०५ मध्ये ‘हॉर्मोन’ हा शब्द वापरात आणला तो चेतवणे, चालना देणे या अर्थाच्या ग्रीक धातूवरून. संप्रेरकात तीच प्रेरणा आहे. मराठी विश्वकोशाने ‘हॉर्मोने’ असे मराठी बहुवचन करून घेतले, तेही वाईट नाही. ‘अधिवृक्क’ही अचूक आहे. अडचण पुढे येते. वर्गात मुलगा ‘अधिवृक्क ग्रंथीचे बाह्यक’ पाठ करतो आणि घरी आजोबांच्या गोळ्यांच्या पाकिटावर प्रेडनिसोलोन वाचतो. या दोहोंचा काही संबंध आहे हे त्याला कोणीच सांगत नाही. संस्कृत शब्दाने वर्गातले काम भागवले आणि इंग्रजी शब्दाने घरातले, मधला पूल बांधायचा राहून गेला. ‘अधिवृक्क-बाह्यक-संप्रेरक’ असा शब्द घडवून हा पूल बांधता येईल असे ज्यांना वाटते त्यांनी तो औषधाच्या दुकानात एकदा उच्चारून पाहावा.

पुस्तकांतल्या तक्त्यांचाही एक दोष आहे. डावीकडे ग्रंथी, मध्ये संप्रेरक, उजवीकडे कार्य. अधिवृक्क ग्रंथीच्या समोर ॲड्रेनॅलिन आणि कॉर्टिकोस्टिरॉइडे एकाच चौकटीत बसतात. विद्यार्थ्याला ती भावंडे वाटतात. प्रत्यक्षात ॲड्रेनॅलिन गाभ्यात, टायरोसिन या अमिनो आम्लापासून तयार होते आणि ते स्टिरॉइड नाही. इन्सुलिन प्रथिन आहे, तेही नाही. सगळी संप्रेरके स्टिरॉइडे नाहीत आणि सगळी स्टिरॉइडे संप्रेरके नाहीत. दोन छेदणारी वर्तुळे काढून हे एका मिनिटात दाखवता येते, आणि गणिताच्या शिक्षकांनाही त्यात आनंद वाटेल.

या मधल्या डब्यातला खरा माल मात्र वेगळाच आहे. ‘कॉर्टिको’ हा शब्द सांगतो की हे द्रव्य शरीर स्वतः बनवते. मेंदूच्या तळाशी असलेली पीयूषिका ग्रंथी ‘एसीटीएच’ नावाचे संप्रेरक पाठवून अधिवृक्काला कामाला लावते. रक्तातले कॉर्टिसॉल वाढले की पीयूषिका हात आखडता घेते. पाण्याच्या टाकीतला तरंगता गोळा आठवावा. टाकी भरली की गोळा वर येतो आणि तोटी बंद होते. बाहेरून बादलीने पाणी ओतत राहिलो तर गोळा सतत वरच राहील आणि तोटी उघडणारच नाही. गोळ्यांच्या रूपाने कॉर्टिकोस्टिरॉइड काही आठवडे रोज घेतले की असेच होते. अधिवृक्काची साल आळसावते, आक्रसते. मग एके दिवशी ‘स्टिरॉइड वाईट’ असे कोणी कानात सांगितले म्हणून रुग्णाने गोळ्या फेकून दिल्या तर? बादली थांबली, तोटी गंजलेली. अशक्तपणा, उलट्या, रक्तदाब उतरणे, आणि एखादे आजारपण किंवा अपघात त्याच वेळी आला तर जिवाचा धोका. अधिवृक्क निकामी झाल्यावर काय होते याचे वर्णन टॉमस ॲडिसनने १८५५ मध्येच केले होते. म्हणून ही औषधे बरेच दिवस घेतल्यावर डॉक्टर ती पायरीपायरीने कमी करतात. दोन दिवसांच्या औषधाला हा नियम लागू नाही. पण किती दिवस म्हणजे बरेच दिवस, हे डॉक्टरांनाच विचारावे. निव्वळ भीतीपायी केलेला हा सुज्ञपणा औषधाइतकाच घातक ठरू शकतो, आणि त्या भीतीला खतपाणी घालणारा शब्द तोच, अर्धवट.

नावाच्या स्पष्टतेची किंमत या औषधाच्या जनकांना कळत होती. अमेरिकेतील मेयो क्लिनिकमध्ये केंडॉल यांनी अधिवृक्कातून वेगळ्या केलेल्या द्रव्यांना अ, ब, क अशा थाटाची अक्षरे दिली होती. त्यातले ‘ई’ संयुग मर्क कंपनीच्या सॅरेट यांनी बैलाच्या पित्तातील आम्लापासून तीसहून अधिक पायऱ्यांनी बनवले (पित्तापासून निघालेला शब्द पुन्हा पित्ताशी आला तो असा). २१ सप्टेंबर १९४८ रोजी डॉ. हेंच यांच्या विभागातील संधिवाताने खिळलेल्या एका तरुण स्त्रीला ते प्रथम टोचण्यात आले आणि काही दिवसांतच ती हिंडूफिरू लागली. पण ‘ई संयुग’ आणि ‘ई जीवनसत्त्व’ यांची गल्लत होऊ लागली, तेव्हा त्यांनी लगोलग ‘कॉर्टिकोस्टेरॉन’ घराण्यातले नाव आखडून ‘कॉर्टिसोन’ हे नवे नाव पाडले. १९५० मध्ये केंडॉल, हेंच आणि स्वित्झर्लंडचे राइखस्टाइन यांना नोबेल पारितोषिक मिळाले. त्यांच्या नावातला ‘कॉर्ट’ शाबूत राहिला. तो हरवला तो पुढे, लोकांच्या तोंडी.

आता इंजिनाजवळचा डबा, ‘ग्लुको’. हान्स सेल्ये यांनी सालीतल्या संप्रेरकांची दोन गटांत विभागणी केली. शरीरातले क्षार सांभाळणारी ती मिनरलोकॉर्टिकॉइडे, उदाहरणार्थ अल्डोस्टेरॉन. साखरेवर परिणाम करणारी ती ग्लुकोकॉर्टिकॉइडे, उदाहरणार्थ कॉर्टिसॉल. ही विभागणी भिंतीसारखी पक्की नाही. कॉर्टिसॉल थोडे क्षारही राखते. डॉक्टर नुसते ‘कॉर्टिकोस्टिरॉइड’ म्हणतात तेव्हा त्यांना बहुधा दुसरा गट अभिप्रेत असतो. या गटाचे काम उपाशीपोटी, ताणाच्या वेळी रक्तात साखर उपलब्ध ठेवणे. यकृतात प्रथिनांपासून ग्लुकोज बनवणे आणि इन्सुलिनचा प्रभाव कमी करणे. दाह आणि प्रतिकार यांना लगाम घालणे हा त्यांचा दुसरा गुण, आणि औषध म्हणून आपण वापरतो तो हाच. पण पहिला गुण दुसऱ्याबरोबर येतोच. नावातच साखर आहे.

कोरोनाच्या काळात नेमके हेच नाव गाळले गेले. ऑक्सफर्ड विद्यापीठाच्या नेतृत्वाखाली ब्रिटनमध्ये झालेल्या ‘रिकव्हरी’ चाचणीचे निष्कर्ष जून २०२० मध्ये जाहीर झाले. रुग्णालयात दाखल असलेल्या २,१०४ रुग्णांना रोज ६ मिलिग्रॅम डेक्सामेथासोन जास्तीत जास्त १० दिवस दिले; ४,३२१ रुग्णांना नेहमीचे उपचार. कृत्रिम श्वसनयंत्रावरच्या रुग्णांत २८ दिवसांतील मृत्यूंचे प्रमाण ४१.४ टक्क्यांवरून २९.३ वर आले. नुसता ऑक्सिजन लागणाऱ्यांत २६.२ वरून २३.३. ज्यांना ऑक्सिजन लागतच नव्हता त्यांच्यात फायदा दिसला नाही. औषध न घेतलेल्यांत १४.० तर घेतलेल्यांत १७.८ असा आकडा आला. हा शेवटचा फरक योगायोगाचाही असू शकेल इतपतच होता, पण ‘सर्वांना द्या’ असे त्यातून कोणत्याही अर्थाने निघत नव्हते. औषध एकच, मात्रा एकच. रुग्णाच्या अवस्थेप्रमाणे उत्तर वेगळे. बातमीत यातले काय उरले? ‘स्टिरॉइड प्रभावी.’ आणि २०२१ मध्ये घरी असलेल्या, ऑक्सिजन न लागणाऱ्या कित्येकांनी लवकर बरे व्हावे म्हणून या गोळ्या घेतल्या.

त्यानंतर म्युकरमायकोसिस आला. २० मे २०२१ रोजी केंद्र सरकारने राज्यांना तो नोंद करणे बंधनकारक असलेला आजार ठरवण्यास सांगितले. महाराष्ट्राला त्याची मोठी झळ बसली. ‘काळी बुरशी’ हे नावही चुकीचेच. बुरशी काळी नसते, तिने रक्तपुरवठा तोडल्यामुळे मेलेला ऊतिभाग काळा पडतो. ही बुरशी वाढलेल्या साखरेवर फोफावते. मधुमेह आधीच होता, विषाणूने तो भडकवला, औषधाने साखर आणखी चढवली आणि प्रतिकारही दाबला. मग मथळा उलटला: ‘स्टिरॉइड घातक.’ दोन्ही मथळ्यांत ‘ग्लुको’ नव्हता. तो असता तर सगळे टळले असते असे म्हणणे भाबडेपणाचे होईल. पण नावातच साखर ऐकली असती तर निदान काही घरांतून ‘साखर तपासली का?’ हा प्रश्न आला असता, असे आम्हांला वाटते.

जाता जाता एक योगायोग. १९५२ मध्ये अपजॉन कंपनीच्या पीटरसन आणि मरे यांनी प्रोजेस्टेरॉनपासून कॉर्टिसोनकडे जाण्याची सर्वांत अवघड पायरी एका बुरशीकडून करून घेतली आणि औषध स्वस्त झाले. ती बुरशी होती ऱ्हायझोपस, शिळ्या पावावर वाढणारी, पाठ्यपुस्तकातली. म्युकरमायकोसिसला सर्वांत जास्त वेळा कारण ठरणारी बुरशी याच प्रजातीची आहे.

मलमांविषयी लिहिल्याशिवाय हा विषय पुरा होणार नाही, कारण शाळकरी मुलांच्या हाती सर्वांत आधी येते ती ट्यूब. नायटा किंवा गचकरण हा बुरशीचा संसर्ग. त्वचा लाल होते, खाज सुटते, हा आपल्या शरीराने बुरशीला केलेला विरोध. क्लोबेटासॉल किंवा बीटामेथासोन असलेले मलम हा विरोध दाबते. खाज थांबते, लाली जाते; बुरशी मात्र निवांत पसरते. चौकीदाराला झोपवले म्हणून चोरी थांबत नाही. काही आठवड्यांनी नायट्याचे गोल कडे पुसट होऊन तो ओळखूही येईनासा होतो. गेल्या काही वर्षांत भारतात हट्टी, औषधांना दाद न देणारा नायटा पसरला, त्यामागे अशा मिश्र मलमांचा वापर हे एक मोठे कारण त्वचारोगतज्ज्ञ मानतात. त्या बुरशीला जपानी संशोधकांनी २०२० मध्ये ‘ट्रायकोफायटन इंडोटिनी’ असे नाव दिले. त्यातला ‘इंडो’ आपला आहे.

दुसरा प्रकार गोरेपणाच्या हव्यासाचा. हीच मलमे चेहऱ्यावर लावली की काही दिवस रंग उजळल्यासारखा दिसतो. मग त्वचा पातळ होते, केशवाहिन्या दिसू लागतात, पुटकुळ्या आणि लव येते, आणि मलम थांबवले की आग होते, म्हणून माणूस पुन्हा तेच लावतो. २०११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या, भारतातील अनेक केंद्रांवरच्या पाहणीत चेहऱ्याच्या त्वचाविकाराच्या २,९२६ रुग्णांपैकी ४३३ जण, म्हणजे १४.८ टक्के, अशी मलमे चेहऱ्यावर वापरत असल्याचे आढळले. मार्च २०१८ मध्ये केंद्रीय आरोग्य मंत्रालयाने अशी १४ द्रव्ये अनुसूची ‘एच’मध्ये आणली, म्हणजे चिठ्ठीशिवाय विक्री बंद. गंमत अशी, की जे लोक दम्याच्या पंपातल्या ‘स्टिरॉइड’ला घाबरतात त्यांतलेच काहीजण ही ट्यूब बेलाशक लावत असतात, कारण तिच्यावर ‘स्टिरॉइड’ असे कुठे ठळक छापलेले नसते. ज्या शब्दाची भीती बाळगायला शिकवले, तो शब्द धोक्याच्या जागी लिहिलेलाच नाही.

पंपाचा हिशेब मुलांकडून करून घ्यावा. लहान मुलाच्या पंपातून दिवसाला साधारण १०० ते २०० मायक्रोग्रॅम बेक्लोमेथासोन किंवा बुडेसोनाइड जाते, तेही श्वासनलिकेत, जिथे हवे तिथे. दम्याच्या मोठ्या झटक्यात प्रौढाला ४० मिलिग्रॅम प्रेडनिसोलोनची गोळी देतात. ४० मिलिग्रॅम म्हणजे ४०,००० मायक्रोग्रॅम. २०० ला भागा, २०० पट. ही औषधे वेगवेगळ्या ताकदीची असल्याने हा भागाकार काटेकोर नाही. तरी शेकड्यांत मोजायचे की हजारांत, एवढे त्यातून कळते. तोंड धुणे, उंचीवर लक्ष ठेवणे या सूचना पंपालाही आहेतच. परंतु पंप टाळून वारंवार झटके येऊ द्यायचे आणि प्रत्येक झटक्याला गोळ्या-इंजेक्शने घ्यायची, यात स्टिरॉइड टळत नाही. अधिकच पोटात जाते.

मग म्हणावे काय? आमची सूचना साधी आहे. औषधासाठी ‘कॉर्टिकोस्टिरॉइड’ लिहावे आणि शक्य तिथे औषधाचे नाव द्यावे. खेळाडूंच्या संदर्भात ‘ॲनाबॉलिक स्टिरॉइड’. ‘चयकारी’ हा पर्याय ज्यांना आवडेल त्यांनी तो वापरून पाहावा. कोलेस्टेरॉलसारख्यांविषयी बोलताना ‘स्टिरॉइड वर्गातील संयुगे’. नुसते ‘स्टिरॉइड’ रसायनशास्त्राच्या तासाला राखून ठेवावे. वर्तमानपत्रांच्या मथळ्यात तीन अक्षरी ‘कॉर्टिको’ मावत नाही ही सबब आम्हांला पटत नाही. ‘म्युकरमायकोसिस’ मावला होता.

वर्गासाठी एक खेळही आहे. रिकामी पाकिटे आणि ट्यूब मुलांना आणायला सांगा. औषध असलेली नकोत. त्यावरील कंपनीचे मोठे नाव सोडून खालचे बारीक नाव वाचायला लावा. डेक्सामेथासोन, बीटामेथासोन, मोमेटासोन, प्रेडनिसोलोन, फ्लुओसिनोलोन: ‘-सोन’, ‘-सोलोन’, ‘-नोलोन’ ही शेपटे कॉर्टिकोस्टिरॉइडची. क्लोबेटासॉल आणि बुडेसोनाइड शेपूट वेगळे असूनही त्याच जातीची. मधुमेहावरचे पायोग्लिटाझोन ‘-झोन’चे, ते वेगळे, देवनागरीत फरक लगेच दिसतो, रोमन लिपीत मात्र तो एका अक्षराचा. आणि कुष्ठरोगावरचे डॅप्सोन. शेवटी ‘-सोन’ आहे, पण तो गंधकाच्या ‘सल्फोन’मधला, त्यात ना षटकोन-पंचकोनांचा सांगाडा, ना अधिवृक्काशी संबंध. कुष्ठरोगात कधी कधी नसांना सूज येते, तेव्हा त्याच रुग्णाला डॅप्सोनबरोबर प्रेडनिसोलोनही द्यावे लागते. ही दोन नावे शेजारी शेजारी लिहून यांतले स्टिरॉइड कोणते आणि कशावरून, असे दहावीच्या मुलांना विचारावे.